हापशाभोवतीचे शिल्प

एखाद्या जागेची स्मृती जपायची म्हटले की आपल्याकडे पहिली मागणी होते ती स्मारकाची. चौथरा बांधायचा, पुतळा किंवा स्तंभ उभारायचा, संगमरवरी पाटी लावायची आणि वर्षातून एकदा हार घालायचा. याहून थोडा पुढचा विचार करणारे संग्रहालय मागतात; जुन्या वस्तू, छायाचित्रे, ध्वनिमुद्रणे गोळा करतात. दोन्ही प्रयत्नांच्या मुळाशी समजूत एकच असते. स्मृती दिवसेंदिवस झिजत जाते, म्हणून ती वेळेवर उचलून सुरक्षित जागी ठेवली पाहिजे, ही ती समजूत. छत्तीसगडमधल्या कोंडागाव परिसरात मुंबईच्या कलावंत नवजोत अल्ताफ आणि तिथले शिल्पकार यांनी 1990 च्या दशकाच्या उत्तरार्धापासून एकत्र केलेले काम या समजुतीला धक्का देते. चित्र, शिल्प, व्हिडिओ, ध्वनी अशी अनेक माध्यमे हाताळणाऱ्या या कलावंताचे सर्वांत महत्त्वाचे काम उभे राहिले ते गावच्या हापशाभोवती. माझे म्हणणे असे की जागेची स्मृती साठवून टिकत नाही, ती वापरात राहिली तरच टिकते. त्यामुळे समूहाबरोबर काम करणाऱ्या कलेची पारखही त्यातून निघालेल्या वस्तू किती देखण्या आहेत एवढ्यावर करता येणार नाही. त्या जागेत राहणाऱ्यांच्या हाती स्मृती घडवण्याची ताकद किती आली, हे पाहावे लागेल.

हे काम बस्तरमध्ये झाले यालाही अर्थ आहे. रायपूरहून जगदलपूरला जाणाऱ्या महामार्गावरचे कोंडागाव धातूच्या ओतकामासाठी प्रसिद्ध आहे. मातीच्या गाभ्यावर मेणाच्या तारांनी आकृती घडवायची, वरून पुन्हा माती लिंपायची, भट्टीत मेण वितळून गेले की त्या पोकळीत धातू ओतायचा आणि शेवटी साचा फोडायचा, अशी घडवा कारागिरांची रीत आहे. साचा दर वेळी फुटत असल्याने दोन मूर्ती तंतोतंत सारख्या निघत नाहीत. परंपरा टिकते ती करणाऱ्याच्या हातात. बस्तरच्या दसऱ्याचे तेच. पंचाहत्तर दिवस चालणाऱ्या या उत्सवाचा प्रचंड लाकडी रथ ठरावीक गावांतले सुतार आणि लोहार नव्याने बांधतात. जुना रथ जपून ठेवण्यापेक्षा तो पुन्हा बांधता येणे तिथे मोलाचे मानले जाते. मेलेल्या माणसासाठी दगड किंवा कोरीव लाकडी खांब उभारण्याची माडिया लोकांची चाल जुनी आहे आणि अलीकडच्या स्मृतिखांबांवर सायकल, मोटार, विमानही दिसते. म्हणजे आठवण जपणे आणि तिच्यात नवे भरणे या दोन गोष्टी तिथे एकमेकींविरुद्ध उभ्या राहत नाहीत. मराठी वाचकाला हा मुलूख फार परका वाटायचे कारण नाही. कोंडागावच्या बाजारात ऐकू येणाऱ्या हलबी बोलीची नोंद ग्रियर्सन यांच्या भाषासर्वेक्षणाने मराठीच्या खंडात केली होती.

बाहेरच्या जगाने मात्र बस्तरकडे बराच काळ एक साठा म्हणूनच पाहिले. व्हेरिअर एल्विन यांचा मुरिया आदिवासी आणि त्यांच्या घोटुलावरचा, म्हणजे तरुणांच्या एकत्र जमण्याच्या घरावरचा, ग्रंथ 1947 साली प्रसिद्ध झाला. तो आस्थेने आणि कष्टाने लिहिलेला आहे, पण लिहिणारा एक आणि ज्यांच्याविषयी लिहिले ते दुसरे, ही रचना त्यात कायम आहे. 1982 मध्ये भोपाळला भारत भवन सुरू झाले. तिथल्या रूपंकर संग्रहालयात जगदीश स्वामिनाथन यांनी गावोगावच्या आदिवासी कलावंतांचे काम शहरी चित्रकारांच्या कामाशेजारी बरोबरीने मांडले. हे पाऊल मोठे होते. त्यातूनच जनगढ सिंह श्याम यांच्यासारखा गोंड चित्रकार देशाला कळला. तरीही प्रवासाची दिशा एकच राहिली: गावातून शहराकडे, अंगणातून दालनाकडे. कलाकृती शहरात पोहोचली, तिला मान मिळाला, पण ती जिथून आली त्या जागेचे काय झाले, हा प्रश्न संग्रहालयाच्या कक्षेबाहेरच राहिला. नवजोत यांच्या कामाने ही दिशा उलटी केली.

त्या इथवर आल्या त्या एका रात्रीत नव्हे. 1949 साली मेरठमध्ये जन्मलेल्या नवजोत मुंबईच्या सर जे. जे. कला महाविद्यालयात शिकल्या. 1970 च्या दशकात त्या आणि त्यांचे पती, चित्रकार अल्ताफ मोहमदी, डाव्या विचारांच्या युवक चळवळीत होते आणि कला दालनाबाहेर कशी जाईल हा प्रश्न त्यांना तेव्हापासूनच पडला होता. 1992-93 च्या मुंबईतल्या दंगलींनंतर त्यांनी 1994 मध्ये ‘लिंक्स डिस्ट्रॉइड अँड रीडिस्कव्हर्ड’ हे मांडणीशिल्प केले. माहितीपटकार मधुश्री दत्ता आणि गायिका नीला भागवत यांच्यासारख्या वेगळ्या क्षेत्रांतल्या स्त्रियांचा त्यात सहभाग होता. शहराच्या जखमेविषयी एकटीने बोलणे अपुरे आहे, ही जाणीव त्यामागे दिसते. पण दंगलीनंतरचे ते कामही अखेर कलाकारांनी कलाकारांबरोबर केलेले होते. ज्यांचे शहर, ज्यांची गल्ली, त्यांनीच आकार ठरवावा ही पायरी अजून यायची होती.

ती आली कोंडागावात. धातूशिल्पकार जयदेव बघेल यांनी तिथे उभारलेल्या शिल्पीग्राममध्ये नवजोत 1997 च्या सुमारास काम करू लागल्या. या पहिल्या टप्प्यातून ‘मोड्स ऑफ पॅरलल प्रॅक्टिस’ हे प्रदर्शन घडले. त्यात त्यांच्या जोडीने तिथल्या शिल्पकारांची स्वतंत्र कामे होती. शहरातल्या कलावंताने कल्पना द्यायची आणि गावातल्या कारागिराने ती घडवून द्यायची, ही नेहमीची विभागणी इथे जाणीवपूर्वक टाळली गेली. प्रत्येकाने आपापला विषय घ्यावा, आपापल्या मनातले घडवावे आणि एकमेकांच्या कामावर बोलावे, अशी पद्धत ठरली. कोरीव कामावर पुरुषांची पकड असलेल्या भागात शांतीबाईंसारखी स्त्री लाकूड कोरणारी शिल्पकार म्हणून पुढे आली, ही या टप्प्याची ठळक देणगी. कारागिराला देवदेवतांचे आणि हत्तीघोड्यांचे ठरलेले आकार बाजार मागतो. स्वतःचे जगणे विषय म्हणून निवडता येते हे कळले की त्या हातांतून निघणारी आठवणही बदलते. पुढे नवजोत, राजकुमार, शांतीबाई आणि गेस्सुराम यांनी मिळून ‘डायलॉग इंटरॲक्टिव्ह आर्टिस्ट्स असोसिएशन’ ही संस्था उभी केली आणि काम प्रदर्शनातून गावात उतरले.

गावात उतरल्यावर विषय ठरला पाण्याचा. भारतातल्या खेड्यांत सर्वत्र दिसणाऱ्या हातपंपाचा इतिहास आपल्या दृष्टीने जिव्हाळ्याचा आहे. जालना आणि सोलापूर इथल्या मिशन संस्थांशी संबंधित लोकांनी पूर्वी घडवलेल्या पंपांच्या अनुभवावर, विशेषतः सोलापूर पंपावर, 1970 च्या दशकात युनिसेफच्या सहकार्याने ‘इंडिया मार्क टू’ हा मजबूत हापसा तयार झाला आणि तो देशभर लाखोंच्या संख्येने बसला. यंत्राचा विचार अतिशय कसून झाला होता. दांडा किती वेळा हलला तरी तुटू नये, याची काळजी घेतली गेली. यंत्राभोवतीच्या जागेचा विचार मात्र फारसा झाला नाही. सांडलेल्या पाण्याचा चिखल, त्यात जनावरे, घसरडी फरशी आणि भरलेली घागर जमिनीवरून थेट डोक्यावर उचलताना कमरेला बसणारा हिसका, हे सगळे पाणी भरणाऱ्या बायकामुलींच्या वाट्याला आले. रस्त्याच्या कडेला उघड्यावर पाणी भरताना येणाऱ्या-जाणाऱ्यांच्या नजरा झेलणेही त्यांच्याच वाट्याला आले.

‘नलपार’ या नावाने झालेल्या कामांत हीच जागा नव्याने घडवली गेली. कुठल्या हापशाभोवती बांधायचे, पाणी कुठे वाहून न्यायचे, भिंत किती उंच हवी, तिच्यावर काय असावे, याच्या चर्चा आणि कार्यशाळा झाल्या. पाणी भरणाऱ्या स्त्रिया, शाळेतली मुले, शिक्षक, पंचायतीचे लोक आणि कलाकार त्यात बोलले, आकृत्या काढल्या गेल्या, त्या बदलल्या. त्यातून पक्की फरशी आणि पाण्याचा निचरा आला. भरलेली घागर मध्येच टेकवता यावी, म्हणजे डोक्यावर घेणे सोपे जावे, म्हणून योग्य उंचीचे ओटे आले. थोडा आडोसा देणारी भिंत आली आणि त्या भिंतीवर गावाच्या ओळखीचे आकार, चिन्हे आली. पाठोपाठ मुलांसाठी ‘पिल्ला गुडी’ उभ्या राहिल्या: मुलांनी जमावे, खेळावे, चित्रे काढावीत, गोष्टी ऐकाव्यात यासाठीच्या छोट्या वास्तू. ज्या प्रदेशात घोटुलासारखी तरुणांची स्वतःची जागा असण्याची परंपरा होती आणि ती मागे पडत गेली, तिथे मुलांना पुन्हा आपली अशी जागा मिळणे ही साधी सोय नव्हे.

या सगळ्यात स्मृती कुठे आली, असा प्रश्न रास्त आहे. उत्तर वापरात आहे. पाणवठा ही गावातली सर्वांत जास्त बोलकी जागा. कुणाच्या घरी काय घडले, कुठल्या शेतात काय पेरले, कोण माहेरी आली, कोण कामासाठी परगावी गेले, गावाचा हा चालता इतिहास तिथे सांगितला जातो आणि सांगणाऱ्या बहुतेक स्त्रिया असतात. या इतिहासाला दप्तरात जागा नाही. बोलायला उसंत, उभे राहायला कोरडी जागा आणि थोडा आडोसा मिळाला की तो सांगितला जातो. चिखलात घाईने पाणी भरून पळावे लागले की गिळला जातो. म्हणून ओट्याची उंची ही इथे स्मृतीशी निगडित बाब ठरते. भिंतीवरची चिन्हे दुसरे काम करतात. ती दररोज डोळ्यांसमोर असल्याने मूल विचारते आणि कुणीतरी मोठे माणूस सांगते. संग्रहालयात पाटी अर्थ सांगते, इथे तो माणसाला सांगावा लागतो आणि सांगता सांगता तो थोडा बदलतोही. बदलला म्हणून तो खोटा ठरत नाही. स्मृतिखांबावर सायकल कोरणाऱ्या बस्तरला हे कुणी शिकवायची गरज नव्हती.

हीच गोष्ट अगदी वेगळ्या माध्यमातही पडताळता येते. मुंबईतल्या ‘कॅम्प’ या कलावंतांच्या गटाने 2013 मध्ये ‘फ्रॉम गल्फ टू गल्फ टू गल्फ’ हा चित्रपट केला. कच्छच्या आखातातून शारजा, दुबईमार्गे सोमालियापर्यंत माल वाहणाऱ्या लाकडी गलबतांवरच्या खलाशांनी स्वतःच्या मोबाइलवर टिपलेली दृश्ये हा त्याचा गाभा आहे. त्या दृश्यांना खलाशांनीच आपल्या आवडीची गाणी जोडलेली होती. व्यावसायिक कॅमेऱ्याने टिपलेला समुद्र आणि त्यावर राबणाऱ्याने मित्राला दाखवण्यासाठी टिपलेला समुद्र यांत जो फरक असतो, त्याने हा चित्रपट उभा राहतो. उलट बाजू गिरणगावात दिसते. मीना मेनन आणि नीरा आडारकर यांनी गिरणी कामगारांच्या मुलाखतींतून घडवलेला मौखिक इतिहास 2004 मध्ये इंग्रजीत आणि नंतर मराठीत प्रसिद्ध झाला. 1982 च्या संपाची, चाळींची, शाहिरांची आठवण त्या कामगारांच्या आवाजांनी वाचवली आणि हे ऋण मोठे आहे. पण आवाज पुस्तकात राहिले आणि जमिनीवर मॉल व मनोरे उभे राहिले. नोंद झाली म्हणून जागा वाचत नाही, आणि जागा गेली की ती नोंद वाचणाऱ्याला आठवण राहते, जगणाऱ्याला नाही. नोंदींचे महत्त्व यामुळे कमी होत नाही, पण त्यांची मर्यादा कळते.

यावर पहिला आक्षेप कलेच्या बाजूने येतो. निचरा, फरशी, ओटा ही पंचायतीची आणि अभियंत्याची कामे. त्यांना कला कशासाठी म्हणायचे? समीक्षक क्लेअर बिशप यांनी 2006 मधल्या एका गाजलेल्या लेखात समूहाबरोबर केलेल्या कलेविषयी असाच इशारा दिला होता. चांगला हेतू आणि चांगली वागणूक यांच्या आधारे अशी कला तपासली जाते आणि ती कला म्हणून किती सकस आहे हे विचारायचे राहून जाते, असा त्यांचा रोख होता. इशारा खरा आहे. सहभागाच्या नावाखाली पुष्कळ सुमार काम खपून जाते. पण नलपारला तो लागू करताना अडचण येते, कारण इथे रूपाचा विचार सोडलेलाच नाही. तेवढ्याच पैशातून आणि सिमेंटमधून ठरावीक नकाशाचा चौथराही झाला असता. तो तसा न होता वेगळा झाला याचे कारण आकार, उंची, उघडेपणा आणि आडोसा यांचा शिल्पकाराच्या नजरेने आणि पाणी भरणारीच्या अनुभवाने एकत्र झालेला विचार. ग्रँट केस्टर यांनी 2011 च्या आपल्या ग्रंथात कोंडागावच्या या कामाची सविस्तर दखल घेतली. एकत्र राबण्याची, बोलण्याची, वाद मिटवण्याची प्रक्रिया हाही कलेचाच भाग मानला पाहिजे, अशी त्यांची मांडणी आहे. मला ती पटते, पण एका अटीसह: प्रक्रियेने वस्तू बदलली पाहिजे. चर्चेआधी आणि चर्चेनंतर आराखडा तोच राहत असेल, तर ती चर्चा शोभेपुरती होती.

दुसरा आक्षेप अधिक बोचरा आहे. मुंबईची, इंग्रजी जाणणारी, दालनांशी संबंध असलेली कलावंत आणि कोंडागावचे शिल्पकार यांत बरोबरी कशी असेल? परिसंवादांत आणि ग्रंथांत नाव कुणाचे येते? 2018 च्या डिसेंबरात मुंबईच्या राष्ट्रीय आधुनिक कला संग्रहालयात नॅन्सी अदजानिया यांनी नवजोत यांचे सिंहावलोकनी प्रदर्शन भरवले. असा मान शांतीबाई किंवा राजकुमार यांच्या वाट्याला तितक्या सहज येत नाही, हे मान्य केलेच पाहिजे. ही विषमता एका कलावंताच्या सद्‌भावनेने संपणारी नाही. तरीही दोन गोष्टी या कामाच्या बाजूने मांडता येतात. पहिली, काळ. चार दिवसांचे शिबिर घेऊन, छायाचित्रे काढून परतणारा पाहुणा आणि दशकानुदशके त्याच माणसांबरोबर काम करणारा सहकारी यांना एका मापाने मोजणे अन्याय्य आहे. लांबच्या सहवासात नकार ऐकावे लागतात, चुका निस्तराव्या लागतात. दुसरी, नावे. सहकारी शिल्पकारांची नावे इथे कारागीर म्हणून तळटिपेत न जाता कलावंत म्हणून पुढे आली आणि त्यांची स्वतंत्र कामे झाली. समूह नावाचा एकसंध गट कुठेच नसतो, हेही याच अनुभवातून दिसते. गावाचे मत म्हणून जे सांगितले जाते ते बरेचदा बोलू शकणाऱ्या पुरुषांचे मत असते. पाणवठा निवडल्याने मत विचारण्याची जागाच बदलली आणि ज्यांना विचारायचे त्या व्यक्तीही बदलल्या.

तिसरा आक्षेप परिणामाचा. 2005 पासून दक्षिण बस्तर सलवा जुडूम ही माओवादीविरोधी मोहीम, माओवादी आणि सुरक्षा दले यांच्या संघर्षात होरपळले, गावेच्या गावे उठली. आदिवासी तरुणांना विशेष पोलिस अधिकारी म्हणून शस्त्रे देण्याची पद्धत सर्वोच्च न्यायालयाने जुलै 2011 मध्ये घटनाबाह्य ठरवली. त्याच राज्यात खाणींसाठी जंगल आणि जमीन जात राहिली. अशा ठिकाणी चार हापसे आणि मुलांच्या काही वास्तू कुणाला पुरणार? त्या हिंसा थांबवत नाहीत, जमीनही वाचवत नाहीत; तसा दावा करणे अप्रामाणिकपणाचे होईल. पण जमिनीच्या लढ्यात कायद्याइतकाच एक मूलभूत मुद्दा असतो: ही जागा आमची आहे हे कशावरून? कागद नसलेल्या माणसाकडे उत्तर असते ते आठवणींचे. इथे आमचा देव, इथे आमचा पाणवठा, हा खांब आमच्या आजोबांचा. ही उत्तरे मोठ्याने, एकमेकांसमोर देण्याची सवय ज्या जागा लावतात, त्या लढ्याच्या बाहेरच्या नसतात. नवजोत यांनी पुढे ‘सोल ब्रेथ विंड’ या व्हिडिओ कामात छत्तीसगडमधल्या खाणींची झळ बसलेल्यांचे म्हणणे मांडले. हापशापासून कॅमेऱ्यापर्यंतचा तो प्रवास एकाच प्रश्नाचा पाठलाग आहे.

या साऱ्याचा आपल्याशी संबंध आहे, कारण महाराष्ट्रातही स्मारकांवर मोठा खर्च होतो, विस्थापित गावांच्या आणि बंद गिरण्यांच्या आठवणी जपण्याच्या योजना मांडल्या जातात. कोंडागावचा आराखडा तसाच्या तसा उचलता येणार नाही. तो तिथल्या पाण्यातून आणि तिथल्या हातांतून आला. पण तिथून काही कसोट्या घेता येतील. जिची आठवण जपायची त्या जागेत राहणाऱ्यांनी, विशेषतः ज्यांना एरवी कुणी विचारत नाही अशांनी, आराखडा बदलला का? बांधलेली गोष्ट रोजच्या वापरात येणार आहे का? काम केलेल्यांची नावे त्यावर आहेत का? निधीत उद्घाटनाइतकीच पुढच्या दुरुस्तीची तरतूद आहे का? आणि काम करणारा कलावंत पाहुणा आहे की सहकारी? या प्रश्नांना होकारार्थी उत्तर देता येत नसेल, तर ते स्मारक कितीही भव्य असले तरी ते बांधणाऱ्याची आठवण सांगेल, जागेची नाही. समित्यांनी, नगरपालिकांनी आणि कलासंस्थांनी हे प्रश्न निविदा काढण्याआधी विचारले पाहिजेत. त्यांची उत्तरे मिळेपर्यंत पायाभरणी थांबली तरी काही बिघडणार नाही.